बोलकं खेळणं घडवताना : एआय वापरू पाहणाऱ्या नवख्या खेळणीकारांसाठी

खेळणी बनवणाऱ्या छोट्या गटांकडून हल्ली एकच प्रश्न पुन्हापुन्हा येतो: "आमच्या अस्वलाला बोलतं करायचंय, सुरुवात कुठून करू?" विचारणाऱ्यांत कुणी शिवणकामात मुरलेले असतात, कुणी इलेक्ट्रॉनिक्सवाले, कुणी नुकतेच डिझाइन शिकून बाहेर पडलेले. बोलकं खेळणं कल्पनेपासून विक्रीपर्यंत नेण्याचं काम मी केलं आहे आणि त्यात वेळ नेमका कुठे जातो हे मला ठाऊक आहे. भाषेचं मॉडेल, म्हणजे माणसासारखी वाक्यं बनवणारा एआय, जोडायला फार दिवस लागत नाहीत. दिवस जातात ते त्या मॉडेलला कुठे थांबवायचं हे ठरवण्यात. ते उशिरा ठरवलं तर शिवलेलं सगळं उसवावं लागतं. म्हणून खालच्या क्रमात एआय बरंच मागे आहे.

एक गोष्ट आधीच वेगळी काढते. या धंद्यात एआय तीन ठिकाणी शिरलं आहे. पहिलं डिझाइनच्या टेबलावर, चित्रं आणि कल्पना काढण्यासाठी. दुसरं कारखान्यात, कॅमेऱ्याने उसवलेली शिवण किंवा सुटलेला डोळा टिपण्यासाठी. तिसरं थेट खेळण्याच्या पोटात. पहिल्याबद्दल इतकंच सांगेन, की यंत्राने काढलेल्या सुंदर चित्रात शिवणीच्या रेषा नसतात आणि साच्यातून भाग सुटून यायला लागणारा उतारही नसतो. शिवाय ते चित्र एखाद्या प्रसिद्ध पात्राच्या फार जवळ जात नाही ना, हे माणसानेच तपासावं लागतं. दुसरं काम मोठ्या उत्पादनाचं आहे, सुरुवातीला त्याची गरज नाही. हा लेख तिसऱ्याबद्दल आहे.

१. आधी वय ठरवा, मग एक काम ठरवा

"तीन ते बारा वर्षं" असं कुठल्याही खेळण्याचं वय नसतं. तीन वर्षांच्या मुलाला बाहुली खरोखर ऐकते असं वाटतं. दहा वर्षांचं मूल तिला कशी फसवता येईल हे पाहतं. शब्द, आवाज, बॅटरीचं झाकण, कायद्याची कलमं, सगळं वयावरून ठरतं. तीन वर्षांखालच्या मुलांसाठी सुट्या छोट्या भागांचे नियम फार कडक आहेत: ३१.७ मिलिमीटर व्यासाच्या ठरावीक नळकांड्यात जो भाग पूर्ण मावतो तो गिळण्याजोगा धरला जातो. बटण, नाक, चार्जिंगच्या खाचेचं रबरी झाकण, काहीही या नियमातून सुटत नाही.

वय ठरलं की खेळण्याचं एकच काम एका वाक्यात लिहा. "हे अस्वल मुलाने सुरू केलेली गोष्ट पुढे नेण्यासाठी प्रश्न विचारतं" हे काम झालं. "हे अस्वल मुलाचा मित्र, शिक्षक आणि सोबती आहे" याला काम म्हणता येत नाही, कारण त्यातून काय नाकारायचं ते कळत नाही. पहिल्या वाक्यातून लगेच कळतं: गृहपाठ नाही, बातम्या नाहीत, औषधांची माहिती नाही.

२. एआयशिवाय खेळून पाहा

कापड, भरण, वजन, चेहरा तयार करा आणि आत काहीही न घालता ते मुलांच्या हातात द्या. ते उचलतात का? कुशीत घेतात का? स्वतःच त्याच्यासाठी आवाज काढतात का? मूल खेळण्याला आपला आवाज देतं, तेव्हा त्याची कल्पनाशक्ती जोरात चालू असते. आपण घालणार असलेला स्पीकर ती बंद पाडू शकतो, हे डिझाइन करणाऱ्याने सतत ध्यानात ठेवावं. बॅटरी संपल्यावर, वाय-फाय गेल्यावर, पुढे कधी सर्व्हर बंद पडल्यावरही ते खेळणं म्हणून उरलं पाहिजे. इथे ते उरत नसेल तर पुढे जाऊ नका, आकारावरच काम करा.

३. पडद्याआडून कळ फिरवा

चिप विकत घेण्याआधी हा प्रयोग करा. खेळण्यात एक छोटा ब्लूटूथ स्पीकर शिवा, पलीकडच्या खोलीत माणूस बसवा आणि त्याला अस्वल बनून मुलाशी बोलू द्या. पालकांना सगळं आधी सांगा, त्यांची लेखी संमती घ्या, आणि खेळ संपल्यावर मुलालाही तो माणूस दाखवा.

यातून जे कळतं ते कुठल्याही कागदावर सापडत नाही. लहान मुलं वाक्याच्या मध्येच लांब थांबतात: "मग तो... तो... डायनासोर ना..." पलीकडचा माणूस समजून थांबतो. यंत्र थांबणार नाही, त्याला थांबायला शिकवावं लागेल. मुलं उत्तराची वाट न पाहता निघून जातात आणि थोड्या वेळाने परत येऊन तिथूनच पुढे बोलतात. आणि अस्वल लांबलचक बोललं की मुलाची नजर हटते. एक छोटं वाक्य आणि एक छोटा प्रश्न, इतकंच चालतं: "अरे बापरे, पाण्यात पडला? मग त्याला बाहेर कोण काढणार?"

या संवादांच्या नोंदी जपून ठेवा. पुढे ओळी लिहिताना आणि चाचणी घेताना याच उपयोगी पडतात.

४. मेंदू कुठे ठेवायचा

तीन पर्याय आहेत, आणि निवड सोयीपेक्षा जबाबदारीवर करा.

खेळण्यातच: छोट्या चिपवर ठरावीक शब्द ओळखता येतात. अशा शब्द-ओळखीची मॉडेलं शंभर किलोबाइटहून कमी जागेतही बसू शकतात. "झोप", "गाणं", "पुन्हा" एवढं कळलं तरी सहा वर्षांखालच्या मुलांसाठी खूप काही करता येतं, आणि आवाज घराबाहेर जातच नाही.

फोनमध्ये: खेळणं ब्लूटूथने पालकांच्या फोनला जोडलेलं. स्वस्त पडतं, पण खेळायला फोन जवळ लागतो. मुलाच्या हातात फोन नको म्हणून खेळणं घेणाऱ्या पालकांना हे आवडत नाही.

सर्व्हरवर: खेळणं वाय-फायवरून आवाज पाठवतं. तिथे आवाजाचा मजकूर होतो, भाषेचं मॉडेल उत्तर बनवतं, उत्तराचा पुन्हा आवाज होतो. मोकळं बोलणं इथेच शक्य आहे, आणि बहुतेक धोकेही इथेच आहेत. प्रत्येक संवादाचा खर्च तुमच्या खिशातून जातो, तोही विक्रीनंतर वर्षानुवर्षं. खेळण्याची किंमत ठरवताना हा खर्च धरायचा राहून जातो आणि मग मध्येच वर्गणी मागायची वेळ येते. वर्गणी लागणार असेल तर खोक्यावर ठळक लिहा.

माझा स्पष्ट सल्ला: पहिल्या खेळण्यात मॉडेलला वाक्यं बनवू देऊ नका, निवडू द्या. मूल काय म्हणतंय त्याचा अर्थ मॉडेलने लावायचा, आणि लेखकाने लिहिलेल्या, कलाकाराने बोललेल्या ओळींच्या साठ्यातून योग्य ओळ काढायची. २०१५ साली मॅटेलने बाजारात आणलेल्या हॅलो बार्बीमध्ये अशा सुमारे ८,००० ओळी लिहिलेल्या होत्या. एवढ्या लागत नाहीत. काम एकच असेल तर काहीशे चांगल्या ओळी पुष्कळ होतात, आणि त्यातली प्रत्येक ओळ तुम्ही स्वतः वाचलेली असते. मोकळं बोलणारं खेळणं नंतर करा, थोड्या मोठ्या मुलांसाठी.

५. लागणारं साहित्य

पहिल्या नमुन्यासाठी एवढं पुरतं:

- वाय-फाय आणि ब्लूटूथ असलेली चिप. ईएसपी३२-एस३ हा सोयीचा पर्याय: दोन गाभे, २४० मेगाहर्ट्झ, न्यूरल नेटवर्कच्या गणितासाठी खास सूचना. जादा मेमरी असलेला बोर्डच घ्या.
- आयटूएस जोडणीचा (चिपला आवाज थेट अंकांच्या रूपात देणारा) छोटा डिजिटल माइक, स्पीकर आणि त्याचा अँप्लिफायर.
- संरक्षक सर्किट असलेली लिथियम बॅटरी. स्क्रूने बंद होणारं झाकण.
- एक मोठं बटण आणि एक दिवा.
- माइकचा विद्युतपुरवठा पूर्ण तोडणारा खरा स्विच. सॉफ्टवेअरमधला नको.

दोन तांत्रिक अडचणी जवळपास प्रत्येकाला भेटतात. वाय-फाय प्रसारणाच्या क्षणी चिप काहीशे मिलिअँपिअर प्रवाह ओढते. त्याच क्षणी स्पीकरही वाजत असेल तर व्होल्टेज खाली बसतं आणि खेळणं मधूनच नव्याने सुरू होतं. टेबलावर यूएसबीवर चालवताना हे दिसत नाही, बॅटरीवर दिसतं. चिपजवळ पुरेसा मोठा कपॅसिटर (क्षणभर पुरेल एवढी वीज साठवणारा भाग) लावा आणि अर्धी उतरलेली बॅटरी घालून तपासा.

दुसरी अडचण कापडाची. उघड्या बोर्डावर छान ऐकणारा माइक भरणात गेला की मुलाचा आवाज दबतो आणि कापड घासल्याचा खरखराट मात्र मोठा ऐकू येतो. माइकसमोर पातळ कापडाची खिडकी ठेवा, तो स्पीकरपासून दूर बसवा, आणि आवाजाची प्रत्येक चाचणी पूर्ण शिवलेल्या खेळण्यावरच घ्या.

आवाजाची कमाल मर्यादा अँप्लिफायरच्या सर्किटमध्येच बांधा. मुलं खेळणं कानाला लावतात, आणि कानाजवळच्या खेळण्यांसाठी मानकांतली मर्यादा अधिक कडक आहे. अपडेटमधल्या चुकीमुळे आवाज वाढू शकेल अशी शक्यताच ठेवू नका. चपट्या गोल बटण-बॅटऱ्या तर वापरूच नका. गिळल्यास त्या दोन तासांतही अन्ननलिका गंभीर भाजू शकतात.

६. ऐकणं: मुलाचा आवाज वेगळा असतो

आवाज ओळखणारी बहुतेक मॉडेलं मोठ्यांच्या बोलण्यावर तयार झालेली आहेत. मुलाची स्वरनलिका आखूड, आवाज उंच, उच्चार रोज बदलणारे. "र" चा "ल" होतो, शब्द अर्धे राहतात, मध्येच गाणं सुरू होतं. त्यामुळे मोठ्यांवर उत्तम चालणारी प्रणाली लहानांसमोर अडखळते. भाषांचंही तेच. ओपनएआयने २०२२ मध्ये खुलं केलेलं व्हिस्पर मॉडेल ६,८०,००० तासांच्या ध्वनीवर शिकलं, पण त्यातला फार मोठा भाग इंग्रजीचा होता. मराठीसारख्या भाषा त्याला येतात, इंग्रजीइतक्या सफाईने नव्हे. घरात मुलं दोन भाषा मिसळून बोलतात तेव्हा गोंधळ आणखी वाढतो. कंपनीने सांगितलेल्या अचूकतेवर विसंबू नका. तुमच्या वयोगटातल्या, तुमच्या भाषेतल्या मुलांवर स्वतः मोजा.

चुका होणारच, तेव्हा खेळण्याने चूक कशी सांभाळायची ते लिहून ठेवा. "मला समजलं नाही, पुन्हा सांग" हे दोनदा ऐकलं की मूल कंटाळतं, आणि वाईट म्हणजे आपलंच बोलणं चुकतंय असं त्याला वाटू लागतं. बोबडं बोलणाऱ्या, अडखळणाऱ्या मुलाला खेळण्याने लाजवता कामा नये. दोष खेळण्याच्या कानावर घ्या: "माझ्या कानात कापूस गेलाय, जरा जवळ येऊन सांग ना." त्यानंतरही कळलं नाही तर प्रश्नच बदला.

आता बटणाबद्दल, आणि इथे मी आग्रही आहे. सतत ऐकणारा, हाक मारल्यावर जागा होणारा माइक देऊ नका. बटण बसवलेला पंजा दाबून धरला की ऐकतं, सोडला की थांबतं, असं ठेवा. त्यामुळे तीन प्रश्न एकाच वेळी सुटतात: मूल कधी बोलून संपलं हे ओळखावं लागत नाही, टीव्हीच्या आवाजाने खेळणं जागं होत नाही, आणि घरातली खाजगी बोलणी कुठेही जात नाहीत. ऐकताना दिवा लागलाच पाहिजे, आणि तो माइकच्या वीजपुरवठ्यालाच जोडलेला असावा, म्हणजे दिवा बंद आणि माइक चालू असं होऊच शकणार नाही.

उत्तराला लागणारा वेळ हाही ऐकण्याचाच भाग. माणसं बोलताना एकमेकांनंतर साधारण २०० मिलिसेकंदांत बोलू लागतात. सर्व्हरवरच्या फेरीला सहज एक-दोन सेकंद लागतात. तेवढ्यासाठी "हंऽऽ" किंवा "थांब हं, विचार करतो" असे छोटे आवाज खेळण्यातच साठवा आणि पंजा सोडताक्षणी वाजवा. उत्तर पूर्ण तयार होण्याची वाट न पाहता पहिलं वाक्य आलं की ते बोलू द्या, मात्र ते पुढच्या टप्प्यातल्या तपासणीतून गेल्यावरच.

७. बोलणं: मर्यादा कशा घालायच्या

नोव्हेंबर २०२५ मध्ये अमेरिकेतल्या पर्ग या ग्राहक संघटनेने बोलक्या एआय खेळण्यांची तपासणी प्रसिद्ध केली. फोलोटॉय कंपनीचं कुम्मा नावाचं अस्वल त्यात होतं, ते ओपनएआयच्या मॉडेलवर चालत होतं. सुऱ्या आणि काडेपेट्या कुठे सापडतात हे त्याने सांगितलं, लैंगिक विषयांवरही ते बोलत गेलं. अस्वलाची विक्री थांबवण्यात आली आणि ओपनएआयने त्या कंपनीची सेवा तोडली. तपासणीतली सर्वात महत्त्वाची बाब अशी: सुरुवातीला टिकलेली बंधनं संभाषण लांबत गेलं तशी सैल होत गेली. नवखे लोक चाचणीत पाच-सहा प्रश्न विचारतात आणि समाधान मानतात. मूल तर अर्धा तास बोलतं.

मॉडेलला दिलेली "तू लहान मुलांशी बोलणारं प्रेमळ अस्वल आहेस" ही सूचना म्हणजे बंधन नव्हे. थर लावावे लागतात:

पहिला थर, परवानगी असलेल्या विषयांची यादी. बंदी असलेल्या विषयांची यादी कधीच पुरी होत नाही, म्हणून उलट करा: गोष्टी, प्राणी, रंग, पाऊस, खेळ. बाकी सगळ्यावर "हे मला नाही माहीत, चल आपण त्या हत्तीचं पुढे काय झालं ते पाहू."

दुसरा थर, मुलाचं बोलणं मॉडेलकडे जाण्याआधी तपासणारा वेगळा वर्गीकारक, म्हणजे बोलणं चालण्याजोगं आहे की नाही एवढंच ठरवणारा प्रोग्राम. तिसरा, मॉडेलचं उत्तर स्पीकरकडे जाण्याआधी तपासणारा. हा तिसरा वेळ वाचवण्यासाठी गाळला जातो. गाळू नका.

चौथा, संभाषणाला मर्यादा. ठरावीक देवाणघेवाणीनंतर मागचा संदर्भ पुसा आणि अस्वलाला झोप येऊ द्या. याने बंधनंही शाबूत राहतात आणि मुलाचा खेळही अस्वलाबाहेर येतो.

पाचवा थर माझ्या मते सर्वात जिव्हाळ्याचा आहे. मूल खेळण्याला अशा गोष्टी सांगतं ज्या कुणालाच सांगत नाही. "मला मारतात." "आजी कुठे गेली?" "मला इथे दुखतंय." अशा वेळी मॉडेलला एक शब्दही बनवू देऊ नका. इथे बालमानसशास्त्राच्या जाणकाराकडून लिहून घेतलेल्या, रेकॉर्ड केलेल्या ओळीच वाजल्या पाहिजेत: "तू मला सांगितलंस, बरं केलंस. मी खेळणं आहे, मला मदत करता येत नाही. तुझ्या विश्वासातल्या मोठ्या माणसाला हे सांग." मोठ्या माणसाचं नातं मुद्दाम मोघम ठेवा. त्रास देणारं माणूस घरातलंही असू शकतं, म्हणून "आईबाबांना सांग" ही ओळ प्रत्येक मुलासाठी सुरक्षित नसते.

काही वाक्यं खेळण्याने कधीच बोलू नयेत, ती भिंतीवर लिहून ठेवा. "जाऊ नकोस ना, मला एकटं वाटेल." "हे आपलं गुपित." "मी खरा आहे." "आईला माझ्यासाठी नवीन कपडे घ्यायला सांग." युरोपीय संघाच्या २०२४ च्या एआय कायद्याने वयामुळे येणाऱ्या दुबळेपणाचा गैरफायदा घेऊन हानी करणाऱ्या प्रणालींवर बंदी घातली आहे, ती २ फेब्रुवारी २०२५ पासून लागू आहे. पण कायदा नसता तरी मुलाच्या मायेचा विक्रीसाठी वापर करणं चूकच.

मॉडेल पुरवणाऱ्याच्या अटीही शांतपणे वाचा. अनेक सेवांना १३ वर्षांखालच्या मुलांनी थेट वापर केलेला चालत नाही. नमुना तयार झाल्यावर हे कळलं तर सगळं नव्याने करावं लागतं. आणि मॉडेलची आवृत्ती पक्की बांधून घ्या. "सर्वात नवीन" असं ठेवलंत तर एखाद्या रात्री पलीकडे मॉडेल बदलेल आणि तुमचं अस्वल सकाळी वेगळं बोलू लागेल.

अवघड प्रश्नांची एक वही करा: काडेपेटी, औषधं, अनोळखी माणूस, मरण, घराचा पत्ता, "तू बाबांना सांगणार नाहीस ना?" आवृत्ती, सूचना किंवा आवाज, काहीही बदललं की पूर्ण वही पुन्हा चालवा. प्रश्न सुटे सुटे विचारा आणि लांब संभाषणाच्या शेवटीही विचारा.

८. आवाजाचं काय होतं

१९९९ च्या जानेवारीत अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा संस्थेने फर्बी या खेळण्याला आपल्या इमारतींत बंदी केल्याची बातमी आली. ते ऐकलेलं रेकॉर्ड करतं अशी शंका होती. फर्बी काहीच रेकॉर्ड करू शकत नव्हतं. पुढच्या पिढीतल्या खेळण्यांबद्दल मात्र शंका खऱ्या ठरल्या. माय फ्रेंड कायला या बाहुलीची ब्लूटूथ जोडणी जवळपासच्या कुणालाही विनापरवाना घेता येत होती. फेब्रुवारी २०१७ मध्ये जर्मनीच्या नियामकाने तिला छुपं हेरगिरीचं साधन ठरवून बंदी घातली. त्याच महिन्यात क्लाउडपेट्स या मऊ खेळण्यांचा डेटाबेस इंटरनेटवर उघडा पडल्याचं समोर आलं: आठ लाखांहून अधिक खाती, आणि पालक-मुलांचे सुमारे वीस लाख ध्वनिसंदेश त्यातून पोहोचण्याजोगे. २०१५ मध्ये व्हीटेक या खेळणी कंपनीमधून साठ लाखांहून अधिक मुलांच्या नोंदी चोरीला गेल्या होत्या.

कायला आणि क्लाउडपेट्समध्ये तर कुलूपच नव्हतं. म्हणून:

- ब्लूटूथ जोडणी खेळण्यावरचं बटण प्रत्यक्ष दाबल्याशिवाय होऊ नये.
- प्रत्येक खेळण्याची स्वतंत्र गुप्त किल्ली. सर्वांना एकच पासवर्ड देणं ब्रिटनमध्ये २९ एप्रिल २०२४ पासून बेकायदा आहे.
- फर्मवेअरचं (खेळण्याच्या चिपमधल्या सॉफ्टवेअरचं) अपडेट तुमची डिजिटल स्वाक्षरी तपासूनच घेतलं जावं.
- आवाजाचा मजकूर झाला की आवाज लगेच पुसा. मजकूरही शक्य तितक्या लवकर.
- मुलाचं खरं नाव, जन्मतारीख, फोटो मागूच नका. अस्वलाने मुलाला "दोस्ता" म्हटलं तरी चालतं.

इथला नेहमीचा सापळा तात्पुरत्या नोंदींचा. चुका शोधण्यासाठी अभियंते आवाज आणि मजकूर कुठेतरी साठवतात, विक्री सुरू झाल्यावरही ती सोय तशीच चालू राहते आणि धोरणपत्रात "आम्ही काहीही साठवत नाही" असं लिहिलेलं असतं. माइकपासून स्पीकरपर्यंत आवाज कुठून कुठे जातो त्याचा एकपानी नकाशा काढा, त्यावर प्रत्येक थांब्याला "इथे किती काळ राहतो" हे लिहा, आणि बाहेरच्या सेवांकडून तेच करारात लिहून घ्या.

९. चाचण्या आणि कागदपत्रं

कुठे विकणार त्यावर बरंच अवलंबून आहे. खेळण्यांच्या सुरक्षेची मुख्य मानकं अशी: अमेरिकेत एएसटीएम एफ९६३, युरोपात ईएन ७१ आणि विजेवरच्या खेळण्यांसाठी ईएन आयईसी ६२११५, भारतात आयएस ९८७३ आणि विजेवरच्यांसाठी आयएस १५६४४. भारतात १ जानेवारी २०२१ पासून खेळण्यांवर आयएसआय चिन्ह सक्तीचं आहे. युरोपात वाय-फाय, ब्लूटूथ असलेल्या खेळण्यांना १ ऑगस्ट २०२५ पासून सायबरसुरक्षेच्या अटीही लागू झाल्या.

माहितीच्या कायद्यांत "मूल" कोण हे जागोजागी बदलतं. मुलांच्या ऑनलाइन गोपनीयतेच्या अमेरिकेतल्या कोप्पा कायद्यात १३ वर्षांखालचं. युरोपच्या जीडीपीआर या माहिती-संरक्षण कायद्यात संमतीचं वय १६, देशांना ते १३ पर्यंत उतरवण्याची मुभा. भारताच्या २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात १८ वर्षांखालचं, आणि त्यात मुलांच्या वर्तनावर पाळत ठेवण्याला व त्यांना लक्ष्य करून जाहिरात करण्याला मनाई आहे. पालकांची संमती सगळीकडेच लागते, आणि "मी पालक आहे" या चौकोनावर टिक करून घेणं म्हणजे पडताळलेली संमती नव्हे.

प्रयोगशाळेकडे जाण्याआधी ही फाइल तयार ठेवा:

- सर्व भागांची आणि कापड, रंग, भरण यांची यादी, पुरवठादारांच्या रासायनिक चाचणी अहवालांसह
- वयोगट का निवडला याचं लेखी स्पष्टीकरण
- सर्किटचा आराखडा आणि बॅटरीचा यूएन ३८.३ अहवाल (लिथियम बॅटरी वाहतुकीत सुरक्षित असल्याच्या चाचणीचा). तो नसेल तर विमानाने माल पाठवताना अडतं
- रेडिओ चाचणीचा अहवाल
- जोखमींची यादी आणि प्रत्येकीवरचा उपाय, बोलण्यातल्या जोखमींसह
- आवाजाचा नकाशा, गोपनीयतेचं धोरण, संमतीची पद्धत
- मॉडेलची आवृत्ती आणि अवघड प्रश्नांच्या वहीचे निकाल, तारखेसह

रेडिओ मॉड्यूल आधीच प्रमाणित आहे म्हणून पूर्ण खेळण्याची चाचणी टळत नाही. आणि चाचणी झाल्यावर कापड किंवा रंग बदलला की अहवाल त्या नव्या मालाला लागू राहत नाही. पुरवठादार न सांगता रंग बदलतात, म्हणून मंजूर तुकडा सही करून जपून ठेवा आणि प्रत्येक नवा माल त्याच्याशी ताडून पाहा.

१०. घराघरांत चाचणी

कार्यालयात बोलावलेली मुलं शहाण्यासारखी वागतात. खेळणं काही आठवडे घरी राहू द्या. ते कोपऱ्यात कधी पडतं, पालक आवाज कधी बंद करतात, भावंडं पंजावरून भांडतात का, हे पाहा. पालकांना एकच प्रश्न जरूर विचारा: खेळणं आल्यापासून मूल इतरांशी कमी बोलतंय का? उत्तर हो असेल तर संभाषणाची मर्यादा आणखी आखूड करा.

११. विक्रीनंतर, आणि शेवटाची तयारी

खोक्यावर साध्या भाषेत लिहा: यात एआय आहे, आवाज कुठे जातो, वर्गणी लागते का, इंटरनेटशिवाय काय चालतं. तक्रारीसाठी माणूस उचलेल असा फोन ठेवा. खेळण्याने काही भलतंच बोलल्याची तक्रार आली तर सगळ्या खेळण्यांचं मोकळं बोलणं एका कळीने बंद करून त्यांना साठवलेल्या ओळींवर आणता आलं पाहिजे. ही कळ पहिल्या दिवसापासून असू द्या आणि अधूनमधून खरोखर दाबून तपासा.

कंपन्या बंद पडतात. एम्बॉडीड या कंपनीचा मोक्सी हा मुलांसाठीचा यंत्रमानव ७९९ डॉलरना विकला जात होता. २०२४ च्या अखेरीस कंपनी बंद होत असल्याचं जाहीर झालं, आणि सर्व्हरशिवाय तो मुका होणार होता. नंतर घरच्या संगणकावर सर्व्हर चालवता येईल असं सॉफ्टवेअर खुलं करून देण्यात आलं. तुम्ही ही तयारी आधीच करा. साठवलेल्या ओळींवर चालणारं शेवटचं अपडेट आजच बनवून बाजूला ठेवा. सर्व्हरचा काही महिन्यांचा खर्च वेगळा काढा. बंद करण्याच्या बऱ्याच आधी पालकांना पत्र पाठवा, सगळ्या नोंदी पुसल्याचं त्यात लिहून द्या, आणि अस्वल आता कमी का बोलतं हे मुलाला कसं सांगावं याच्या दोन-चार ओळीही त्याच पत्रात घाला.